संध्याकाळची वॉकिंग टूर बुक करताना आधी सूर्यास्त बघा

प्रश्न असा आहे: परदेशातल्या एका मोठ्या शहरात चार-पाच दिवस मुक्काम आहे, सोबत साठी ओलांडलेले आई-वडील आहेत, आणि तिथल्या फॅशनेबल भागांतून संध्याकाळी गाइडसोबत फिरवणारी दोन-अडीच तासांची टूर दिसते आहे. ती घ्यावी, की मोबाइलवर नकाशा उघडून आपलं आपण फिरावं?

मी स्वतः गाइड म्हणून अशा टूर नेते, त्यामुळे ‘घ्याच’ म्हणणं माझ्या सोयीचं आहे. तरी सांगते, यातल्या बऱ्याच टूरवर पैसे घालू नयेत. नुसती झगमग दुकानं बघायची असतील तर गाइड कशाला? रस्ता सरळ असतो, दिवे लागलेले असतात, कुणी अडवत नाही. गाइडला पैसे द्यायचे ते दोन कामांचे. एक, दिवस मावळताना तुम्हाला नेमक्या कोपऱ्यावर नेऊन उभं करण्याचे. आणि दुसरं, ही गल्ली एवढी महाग कशी झाली हे समोरच्या भिंतीवर बोट ठेवून दाखवण्याचे. ही दोन्ही कामं होत असतील तर टूर जरूर घ्या. एकच होत असेल तर विचार करा.

आधी वेळेचं बघू, कारण सगळ्यात जास्त निराशा तिथेच होते. जाहिरातीत ‘संध्याकाळी ६ वाजता’ असं लिहिलेलं असतं आणि वर्षभर तेच राहतं. लंडनमध्ये जूनच्या शेवटी सूर्य मावळतो सव्वानऊनंतर आणि डिसेंबरात चारच्याही आधी. म्हणजे सहाची तीच टूर उन्हाळ्यात लख्ख उन्हात होते आणि हिवाळ्यात पूर्ण काळोखात. पॅरिसला जूनमध्ये सूर्यास्त दहाच्या आसपास, डिसेंबरात पाचच्या आत. टोकियोत उन्हाळ्यातही सातला मावळतो आणि डिसेंबरात साडेचारलाच. सिंगापूर विषुववृत्ताजवळ असल्याने तिथे बारा महिने साधारण सातचाच सुमार. तेव्हा टूरचं घड्याळ बघण्याआधी त्या तारखेचा, त्या शहराचा सूर्यास्त बघा आणि दोन्ही वेळा शेजारी मांडा.

मला विचाराल तर टूर सूर्यास्ताच्या अर्धा-पाऊण तास आधी सुरू व्हावी. पहिला टप्पा उजेडात हवा, कारण इमारतींचे वरचे मजले, कोरीवकाम, जुन्या पाट्यांचे पुसट रंग हे सगळं उजेडातच कळतं. मग सूर्य क्षितिजाखाली गेल्यापासून तो सहा अंश खाली जाईपर्यंतचा संधिप्रकाश. आकाश अजून निळं असतं आणि खालच्या शोकेसमधले दिवे लागलेले असतात. बाहेरचा आणि आतला उजेड जवळपास सारखा होतो, त्यामुळे काचेतलं प्रतिबिंब विरतं आणि इमारतीच्या आतलं दिसायला लागतं. दिवसा हीच काच आरसा होऊन बसलेली असते. पण हा वेळ सगळीकडे सारखा मिळत नाही. विषुववृत्तापाशी तो वीस-बावीस मिनिटांत आटोपतो, लंडनमध्ये जूनला पाऊण तास रेंगाळतो. सिंगापूरमध्ये गाइडने तेवढ्या वेळात एखाद्या चौकात उभं राहून इतिहास सांगितला, तर ती संध्याकाळ गेलीच म्हणायची.

दुसरं घड्याळ दुकानांचं. दुकानं बंद होण्याच्या आधीचा तासभर मला सगळ्यात आवडतो. त्या वेळी वस्तीचा ताबा बदलतो. खरेदीवाले पिशव्या घेऊन निघतात, कामगार शोकेसमधले पुतळे आवरतात, वरच्या मजल्यांवर राहणारे लोक घरी परततात आणि तुम्हाला पहिल्यांदा कळतं की इथे कुणी राहतंसुद्धा. टोकियोच्या ओमोतेसांदो या रस्त्यावरची मोठी दुकानं साधारण आठला बंद होतात. काही शहरांत शोकेस रात्रभर उजळलेली असतात, फ्रान्समध्ये मात्र २०१३ पासूनच्या नियमानुसार रात्री एकनंतर दुकानांच्या काचांमागचे दिवे चालू ठेवता येत नाहीत. जर्मनीत रविवारी बहुतेक दुकानं बंदच असतात, त्यामुळे तिथली रविवारची ‘फॅशन वॉक’ म्हणजे नुसत्या शटरांची पाहणी. पॅरिसच्या मारे या जुन्या वस्तीत उलट रविवारी दुकानं उघडी असतात आणि पाऊल ठेवायला जागा नसते. कुठेही असा, शुक्रवार-शनिवार रात्र टाळून मंगळवार ते गुरुवारमधला दिवस निवडा. गाइडचा आवाजही ऐकू येईल.

आता दुसरं काम, म्हणजे वस्ती महाग कशी झाली ते. ‘या भागात सेलिब्रिटी राहतात, हा ब्रँड अमुक साली आला’ एवढंच सांगणारा गाइड पाठांतर म्हणत असतो. चांगला गाइड भाड्याबद्दल बोलतो. आधी इथे भाडं कोण भरत होतं, मग कोण भरायला लागलं, आणि मधल्या काळात जागा स्वस्त का पडून होती? जगातल्या बहुतेक फॅशनेबल वस्त्यांची गोष्ट या तीन प्रश्नांत बसते. लंडनमध्ये कामगारांची घरं मध्यमवर्ग हळूहळू कशी ताब्यात घेतो हे रूथ ग्लास या समाजशास्त्रज्ञ बाईंनी १९६४ मध्येच नोंदवून ठेवलं होतं. तेव्हापासून शहरं बदलली, क्रम फारसा बदललेला नाही.

न्यूयॉर्कचं सोहो हे यासाठी माझं सगळ्यात लाडकं उदाहरण, कारण तिथे पुरावा भिंतीलाच आहे. एकोणिसाव्या शतकात तिथे कापड आणि इतर मालाची दुकानं-गोदामं उभी राहिली आणि त्यांचे दर्शनी भाग बिडाचे होते. कारखान्यात भाग ओतायचे, आणून जागेवर बोल्टने जोडायचे. लांबून दगडी वाटतात. तिथले काही गाइड खिशात लोहचुंबक ठेवतात. खांबाला लावलं की चिकटतं आणि ग्रुपमधल्या सगळ्यांचे चेहरे एकदम उजळतात. लोखंडी खांब बारीक ठेवता येतात, म्हणून दोन खांबांमधली खिडकी भलीमोठी. विजेचे दिवे नव्हते तेव्हा गिऱ्हाइकाला माल दाखवायला तेवढा उजेड हवाच होता. ब्रॉडवे आणि ब्रूम स्ट्रीटच्या कोपऱ्यावरची हॉवट बिल्डिंग १८५७ ची. चिनी मातीची भांडी, काचसामान आणि झुंबरांचं ते दुकान, आणि ओटिसची पहिली प्रवासी लिफ्ट बसली ती तिथेच.

मग धंदे हलले आणि इमारती रिकाम्या पडायला लागल्या. त्यातच ब्रूम स्ट्रीटवरून एक्स्प्रेसवे काढायची योजना डोक्यावर टांगलेली. जी इमारत उद्या पाडायची तिच्यावर आज पैसा कोण लावणार? साहजिकच भाडी खाली राहिली. १९६० च्या दशकात चित्रकार आणि शिल्पकार तिथे शिरले, बरेचसे बेकायदा, कारण ती जागा राहण्यासाठी नव्हतीच. त्यांना हवं होतं ते उंच छत आणि मोठी खिडकी. दरम्यान शहरांवर लिहिणाऱ्या जेन जेकब्स आणि स्थानिक लोकांच्या विरोधापुढे एक्स्प्रेसवेची योजना १९६९ मध्ये बारगळली. १९७१ मध्ये शहराने कलाकारांना तिथे कायदेशीर राहू दिलं, १९७३ मध्ये भागाला ऐतिहासिक म्हणून संरक्षण मिळालं, आणि गॅलऱ्या आल्या. १९९० च्या दशकात भाडं परवडेना म्हणून बऱ्याच गॅलऱ्या न्यूयॉर्कच्याच चेल्सी भागाकडे सरकल्या आणि त्यांच्या जागी कपड्यांचे मोठे ब्रँड बसले. खिडकी मात्र तीच. व्यापाऱ्याला ती मालासाठी हवी होती, चित्रकाराला उजेडासाठी आणि ब्रँडला शोकेससाठी. संध्याकाळी त्या खिडक्यांमागे दिवे लागतात तेव्हा गाइडने फार बोलावं लागत नाही.

ओमोतेसांदोची गत वेगळी. तिथे गोदामं वगैरे काही नव्हतं. तो मेइजी देवस्थानाकडे जाणारा रुंद रस्ता, १९२० च्या सुमारास आखलेला, दोन्ही बाजूंना झेल्कोव्हाची उंच झाडं. दुसऱ्या महायुद्धानंतर जवळच अमेरिकन सैनिकांच्या कुटुंबांची वसाहत होती. तिथेच १९६४ च्या ऑलिंपिकचं खेळाडूंचं गाव झालं आणि नंतर त्या जागी योयोगी पार्क आला. परदेशी गिऱ्हाइकांसाठी दुकानं आली ती त्या काळात. आज हा रस्ता आधुनिक वास्तुकलेचं प्रदर्शन आहे आणि ते बघावं दिवे लागल्यावरच. साना या वास्तुरचनाकार द्वयीने बांधलेली डिओरची इमारत दिवसा नुसती पांढरट पेटी वाटते. काचेच्या मागे अर्धपारदर्शक ॲक्रिलिकचा पडदा आहे, आत दिवे लागले की ती आतून उजळते आणि मजल्यांच्या कमी-जास्त उंच्या बाहेरून वाचता येतात. तोयो इतो यांनी २००४ मध्ये टॉड्ससाठी केलेल्या इमारतीवर काँक्रीटच्या फांद्या एकमेकींत गुंतलेल्या आहेत, समोरच्या झाडांवरून घेतलेल्या. हर्झोग आणि द म्यूरॉन यांची २००३ ची प्रादा तिरप्या चौकटींची, काही काचा फुगीर. आणि तादाओ आंदो यांचं ओमोतेसांदो हिल्स हे २००६ मध्ये दोजुनकाई या गृहनिर्माण संस्थेने १९२० च्या दशकात बांधलेल्या चाळी पाडून उभं राहिलं. त्या चाळींपैकी एका भागाची प्रतिकृती त्यांनी टोकाला ठेवली आहे. बहुतेक पर्यटक तिच्यासमोरून तसेच पुढे जातात. गाइडने तिथे थांबवलं, तर त्याला अभ्यास आहे असं खुशाल समजा.

मारेबद्दल थोडक्यात. सतराव्या शतकाच्या सुरुवातीला राजा चौथ्या हेन्रीच्या काळात आजचा प्लास दे व्होज हा चौक बांधला गेला आणि सरदारांचे वाडे भोवती आले. पुढे दरबारी मंडळी व्हर्सायकडे आणि शहराच्या दुसऱ्या बाजूला गेली, वाड्यांमध्ये कारागिरांचे वर्कशॉप शिरले, दाटी झाली. एकोणिसाव्या शतकात पॅरिसची फेररचना करणाऱ्या हॉसमनच्या रुंद रस्त्यांनी हा भाग बराचसा वगळला. जुन्या वस्त्या जपण्यासाठीच्या १९६२ च्या माल्रो कायद्याने तो वाचला आणि १९६४ मध्ये फ्रान्समधल्या पहिल्या संरक्षित भागांपैकी एक ठरला. इथे संध्याकाळच्या टूरचा एक तोटा आहे: वाडा अंगणाच्या मागे असतो आणि रस्त्यावर नुसता भला मोठा दरवाजा. तो संध्याकाळी बंद होतो. म्हणून मारेसारख्या भागात मी उन्हं कलण्याआधीची टूर सुचवेन, किंवा संध्याकाळच्या टूरमध्ये कोणती अंगणं उघडी मिळतील ते आधी विचारा. उत्तर गुळमुळीत आलं तर सोडून द्या.

टूर कशी निवडायची? वर्णनात विशेषणं किती आणि नावं किती ते मोजा. ‘मंत्रमुग्ध करणारी संध्याकाळ, लपलेली रत्नं’ असं भरलेलं असेल आणि एकाही रस्त्याचं नाव नसेल तर पुढे सरका. मग संयोजकाला तीन गोष्टी विचारा. ग्रुपमध्ये जास्तीत जास्त किती जण? टूर संपते कुठे? आणि वाटेत दुकानांत नेता का?

पंधराच्या वर माणसं असली की रहदारीच्या रस्त्यावर मागच्यांना काही ऐकू येत नाही. कानात घालायचं वायरलेस यंत्र देत असतील तर वीस-पंचवीस चालतात, पण मग तुम्ही गाइडकडे न बघता फक्त आवाज ऐकत चालता आणि त्याचं बोट कुठे आहे हे कळतच नाही. मला ते आवडत नाही.

दुकानांचं सांगायचं तर, आत नेणाऱ्या टूरमध्ये बऱ्याचदा कमिशन असतं. त्यात गैर काही नाही, पण मग ती खरेदीची फेरी आहे आणि तिचे पैसे तुम्ही दोनदा भरताय. चांगल्या वॉकमध्ये दुकानाच्या बाहेर उभं राहून जास्त वेळ जातो. एखाद्या जुन्या कारागिराकडे पाच मिनिटं डोकावणं वेगळं.

‘फ्री टूर’ खरोखर फुकट नसते, गाइड शेवटच्या टिपवर जगतो आणि बऱ्याच ठिकाणी प्रत्येक आलेल्या माणसामागे कंपनीला त्यालाच पैसे द्यावे लागतात. म्हणून मोठा ग्रुप, नाट्यमय किस्से आणि शेवटी भावनिक आवाहन. त्यातही उत्तम गाइड भेटतात, मात्र फॅशनेबल वस्तीची बारीक गोष्ट तीस जणांना सांगता येत नाही. परवान्याबद्दल देशोदेशी वेगळे नियम. इटलीत गाइडला परवाना लागतो. ब्रिटनमध्ये रस्त्यावर कुणीही वॉक घेऊ शकतं, तिथे ब्लू बॅज असलेला गाइड परीक्षा देऊन आलेला असतो. मे महिन्यात जात असाल तर ‘जेन्स वॉक’ बघा: जेन जेकब्स यांच्या स्मरणार्थ २००७ मध्ये टोरांटोत सुरू झालेले, रहिवाशांनीच घेतलेले मोफत वॉक. आता ते अनेक शहरांत होतात. गाइड हौशी, पण घरमालकाने भाडं कसं वाढवलं हे ते स्वतःच्या अनुभवावरून सांगतात.

रहिवाशांचा विषय निघालाच आहे तर हेही ऐका. संध्याकाळच्या टूरवर निर्बंध वाढत चालले आहेत आणि ते योग्यच आहेत असं मला, या धंद्यात असूनही, वाटतं. सोलच्या बुकचोन हानोक या पारंपरिक घरांच्या वस्तीतल्या एका भागात २०२४ च्या नोव्हेंबरपासून संध्याकाळी ५ ते सकाळी १० पर्यटकांना मनाई आहे. क्योतोच्या गिओन या गेइशांच्या वस्तीतल्या खासगी गल्ल्या २०२४ मध्ये पर्यटकांसाठी बंद झाल्या. व्हेनिसने २०२४ पासून ग्रुप २५ जणांवर आणला आणि लाउडस्पीकरवर बंदी घातली. ॲमस्टरडॅमने २०२० मध्ये रेड लाइट भागातल्या खिडक्यांसमोरून टूर नेणंच थांबवलं. हे नियम बदलत राहतात, म्हणून बुकिंगआधी त्या शहराच्या पालिकेचं पान बघून घ्या. आणि नियम असो नसो, कुणाच्या दाराच्या पायरीवर बसू नका, तळमजल्याच्या उघड्या खिडकीचा फोटो काढू नका. अंगणात आवाज घुमतो, तिथे गाइडने आवाज खाली आणला नाही तर तुम्ही स्वतः त्याला खुणावा.

आता आई-वडिलांचं. दोन-अडीच तासांत चालणं दोन-तीन किलोमीटरच होतं, पण जवळजवळ अर्धा वेळ उभं राहण्यात जातो आणि गुडघे, कंबर बोलायला लागतात त्या उभं राहण्याने. रोज सकाळी चार किलोमीटर फिरणारी माणसंही इथे थकतात. घडीचं हलकं स्टूल घ्या, संकोच करू नका, ग्रुपमधले निम्मे लोक हेव्याने बघतात. दगडी फरसबंदीवर फार मऊ तळव्याचे बूट त्रास देतात, तळवा जरा कडक हवा. चढ, पायऱ्या आणि स्वच्छतागृह यांची चौकशी आधीच करा. टूर सुरू झाल्यावर विचारलं तर गाइडला मार्ग बदलता येत नाही. शेवट मेट्रो किंवा बसथांब्याजवळ होतो का, हेही महत्त्वाचं. सुरुवातीची जागा सगळे बघतात, रात्री साडेनऊला अनोळखी चौकात सोडल्यावर शेवटाची किंमत कळते. मधेच बाहेर पडायची मुभा आहे का तेही विचारून ठेवा. अर्ध्यावर टॅक्सी करून परतायला काहीच हरकत नसते.

खिसेकापू चालत्या माणसापेक्षा उभ्या राहून वर बघणाऱ्या माणसाला शोधतात, आणि टूरमध्ये सगळे तेच करत असतात. पिशवी पोटावर. लंडनसारख्या शहरात सायकलवरून येऊन हातातला फोन हिसकावतात, तेव्हा फोटो काढायचा तर भिंतीला पाठ लावून, रस्त्याच्या कडेला उभं राहून नाही.

फोटोसाठी एकच सांगते. दिवे लागल्यावर फोन आपोआप सगळं जास्त उजळ करतो आणि शोकेसचा पांढरा ठिपका होतो. स्क्रीनवर शोकेसच्या उजळ भागाला बोट लावा आणि उजेड खाली सरकवा. काचेतून आतलं टिपायचं असेल तर लेन्स काचेला टेकवा. बाकी वेळ फोन खिशात असू द्या, नाहीतर गाइडने दाखवलेलं तुम्ही घरी येऊन बघाल.

राहता राहिलं, टूर कोणत्या दिवशी ठेवावी. बरेच जण ती शेवटच्या संध्याकाळी ठेवतात, निरोपाचा कार्यक्रम म्हणून. तुमच्या चार-पाच दिवसांत ती दुसऱ्या संध्याकाळी ठेवा. पाऊस पडला तर तारीख सरकवायला जागा राहते, आणि बंद दरवाज्यांमागची अंगणं, गाइडने ओझरती दाखवलेली एखादी गल्ली, चुंबक चिकटलेला खांब हे सगळं पुन्हा दिवसाउजेडी आई-वडिलांना निवांत दाखवता येतं. दुसऱ्या खेपेला गाइड लागत नाही.